आठ तास शिजलं, मग बिघडलं कुठे?

मंगळवारची ओपीडी आटोपून मी वॉर्डकडे निघालो होतो. दुपारचे साडेतीन वाजले असतील. तेवढ्यात भाचीचा फोन आला. ती अमेरिकेत, ओहायो राज्यात असते. तिथे तेव्हा सकाळचे सहा. या वेळेला तिचा फोन कधी येत नाही.

"मामा, बाबांना अॅम्ब्युलन्समधून नेलंय. रात्रभर जुलाब होत होते. पहाटे बाथरूमच्या दारात चक्कर येऊन पडले."

बाबा म्हणजे तिचे सासरे. तिचा नवरा तिकडचाच, त्यामुळे सासरेही ओहायोचेच. वय ७४. रक्तदाबाच्या दोन गोळ्या चालू, त्यातली एक लघवी वाढवणारी. अशा माणसाच्या अंगातलं पाणी झपाट्याने कमी झालं की आधी रक्तदाब कोसळतो आणि पाठोपाठ मूत्रपिंडं कुरकुरायला लागतात. मी विचारलं, "उलट्या? ताप? शौचाला रक्त?" तिन्हीला तिने नाही म्हटलं. पोटात पीळ मात्र सगळ्यांनाच पडला होता. तिला, नवऱ्याला आणि सासऱ्यांना.

"काल काय खाल्लं होतं?"

"रविवारचंच, मामा. ते थाई बीफ. स्लो कुकरमधलं."

पुढे ती काही बोलली नाही, पण मला आठवलं. दोन आठवड्यांपूर्वी तिने मला हीच पाककृती पाठवून विचारलं होतं, "मामा, मांस सकाळपासून संध्याकाळपर्यंत त्या भांड्यात नुसतं मंद शिजत राहतं. हे चालतं ना?" आणि दोन पेशंटच्या मधल्या वेळात मी तिला लिहिलं होतं, "आठ तास शिजतंय. जंतू राहतील कुठे? बिनधास्त कर."

माझं ते उत्तर अर्धंच होतं. उरलेलं अर्धं या लेखात लिहितो आहे, कारण ते आपल्या सगळ्यांच्या स्वयंपाकघरात लागू पडतं.

भांडं आणि पदार्थ

स्लो कुकर आपल्याकडे अजून फारसा दिसत नाही, म्हणून आधी त्याची ओळख. चिनी मातीचं जाड, लंबगोल भांडं, त्याला बाहेरून गरम करणारं विजेचं कवच आणि वर काचेचं झाकण. शिट्टी नाही, दाब नाही. वीज साधारण २०० ते ३०० वॅट, म्हणजे आपल्या इस्त्रीच्या पाव हिश्श्याच्या आसपास. सकाळी कामावर जाताना सगळं भरायचं, खटका 'लो'वर ठेवायचा आणि संध्याकाळी येऊन ताटं मांडायची. 'लो' काय नि 'हाय' काय, बहुतेक यंत्रांत पदार्थ शेवटी उकळीच्या जवळपास, नव्वद अंशांच्या पुढे जातोच. फरक असतो तो तिथवर पोहोचायला लागणाऱ्या वेळाचा.

हे यंत्र अर्विंग नॅक्सन या अमेरिकी संशोधकाचं. त्याचं पेटंट त्यांना १९४० साली मिळालं. कल्पना मात्र घरातली होती. लिथुआनियातल्या त्यांच्या पूर्वजांच्या गावी ज्यू कुटुंबं शुक्रवारी संध्याकाळी मांस, कडधान्य आणि बटाट्यांचं भांडं बेकरीत नेऊन ठेवत. शनिवार हा विश्रांतीचा दिवस, त्या दिवशी चूल पेटवायची नाही. मग बेकरीच्या भट्टीच्या उरलेल्या धगीवर ते रात्रभर शिजायचं. आईकडून ऐकलेली ही गोष्ट नॅक्सन यांनी विजेच्या भांड्यात उतरवली. पुढे १९७१ साली एका कंपनीने ते 'क्रॉक-पॉट' या नावाने बाजारात आणलं आणि नोकरी करणाऱ्या बायकांच्या घरांत ते पोहोचलं. माझ्या भाचीकडचा कुकरही तिच्या सासूबाईंच्या काळातला, तपकिरी रंगाचा.

आपल्याकडेही असा प्रयत्न झाला होता, आणि तो एका डॉक्टरने केला होता. कोलकात्याचे डॉ. इंदुमाधव मल्लिक यांनी १९१० साली 'इकमिक कुकर' बनवला. खाली थोडे निखारे आणि वर एकावर एक डबे. भात, डाळ, मांस सगळं वाफेवर सावकाश शिजायचं. त्याच्याही आधीपासून आपल्या चुलीला वैल असायचा. मुख्य जाळावर भाकरी आणि बाजूच्या वैलावर कालवण.

आता पदार्थ. भाचीने केलं ते 'थाई धर्तीचं' बीफ. थायलंडमधला त्याचा मूळ नातेवाईक म्हणजे मसमन. थायलंडमधल्या रश्श्यांमध्ये हा जरा वेगळा, आपल्या तोंडाला ओळखीचा वाटणारा. त्यात गवती चहा, कुलिंजन आणि लाल मिरचीच्या वाटणाबरोबर दालचिनी, वेलची, लवंग, जायफळ असतं आणि शिवाय बटाटे, शेंगदाणे, चिंच, गूळ आणि नारळाचं दूध. 'मसमन' हा शब्द 'मुसलमान' या अर्थाच्या शब्दावरून आला असं मानतात. गरम मसाले मुस्लिम व्यापाऱ्यांबरोबर आले आणि थाई वाटणात मिसळले. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी राज्य केलेल्या थाई राजा दुसरा राम याच्या काव्यातही मसमनचा उल्लेख आहे. सगळेच थाई लोक बीफ खातात असंही नाही. क्वान यिन देवीला मानणारी चिनी वंशाची अनेक कुटुंबं ते टाळतात. तिथे कोंबडीचं मसमनही सर्रास होतं.

महाराष्ट्रात २०१५ पासून गायींबरोबर बैलांच्याही कत्तलीवर बंदी आहे, त्यामुळे हा पदार्थ जसाच्या तसा इथे करण्याचा प्रश्न नाही. पण मटण घ्या, कोंबडी घ्या किंवा नुसता राजमा घ्या, पुढचं सगळं लागू पडतं.

कडक मांस मऊ का होतं

बैठ्या, मंद आचेचा फायदा खरा आहे. जनावर ज्या स्नायूंवर चालतं, वजन पेलतं, ते खांद्याचे आणि पायांचे स्नायू चिवट असतात, कारण त्यांत कोलॅजन नावाच्या धाग्यांचं जाळं असतं. घाईने मोठ्या आचेवर शिजवलं तर मांसाची बाकीची प्रथिनं आकसतात, पाणी पिळून बाहेर टाकतात आणि कोलॅजन तसंच राहतं. मग चावताना जबडा दुखतो. साठ-सत्तर अंशांच्या पुढे, ओलाव्यात, काही तास मिळाले की हेच कोलॅजन विरघळून त्याचं जिलेटिन होतं. रस्सा दाटसर होतो आणि तुकडा चमच्याने तुटतो. आपल्याकडे पाया रात्रभर शिजवतात त्यामागचं शास्त्र हेच. म्हणून स्लो कुकरसाठी महागडं, कोवळं मांस घेऊ नये. खांद्याचं, स्वस्त मांसच त्यात छान होतं.

प्रेशर कुकर हेच काम १२० अंशांच्या आसपास, तासाभरात उरकतो. स्लो कुकर ते दिवसभर करतो. दोन्हीतून निघालेला पदार्थ गरमागरम वाढला तर तो सुरक्षित असतो. मग ओहायोत काय घडलं?

रविवारी जेवले ते बरे, सोमवारी जेवले ते आजारी

मी भाचीला फोनवर वेळापत्रक विचारलं. अन्नातून विषबाधा झाली की आम्ही डॉक्टर आधी हेच विचारतो. कोण जेवलं, कोण नाही, किती वाजता.

रविवारी संध्याकाळी सात वाजता घरी चार पाहुणे होते. सगळ्यांनी तोच रस्सा खाल्ला. पाहुण्यांपैकी कोणालाही काही झालं नाही. रात्री दहा वाजता कुकर बंद केला. अर्धं भांडं उरलं होतं. भांडं जड आणि गरम, फ्रीजमध्ये मावेना. "गरम भांडं फ्रीजमध्ये ठेवू नये, निवू दे," असं म्हणत झाकण लावून ते ओट्यावरच ठेवलं. सोमवारी सकाळी त्यातूनच दोन डबे भरले आणि सासऱ्यांसाठी एक वाडगा काढून ठेवला. दुपारी एकच्या सुमारास तिघांनी तो मायक्रोवेव्हमध्ये मिनिटभर, कोमट होईपर्यंत गरम करून खाल्ला. रात्री दहाला पोटात कळा सुरू झाल्या.

भांडं तेच, मांस तेच, वाटण तेच. आठ तास शिजलं तेव्हा ते निर्दोष होतं. बिघाड रविवारी रात्री दहा ते सोमवारी सकाळ या वेळात झाला, कुकर बंद झाल्यानंतर.

जेवणानंतर आठ ते बारा तासांनी पोटात पीळ, पातळ जुलाब, ताप नाही, उलट्या जवळजवळ नाहीत, आणि पार्श्वभूमीला मोठ्या भांड्यात शिजवून सावकाश निवलेलं मांस. हे वर्णन क्लॉस्ट्रिडियम परफ्रिंजन्स नावाच्या जंतूला चपखल बसतं. तिथल्या तपासण्यांत जंतूचं नाव निघालं नाही. पण ही कहाणी मी सरकारी रुग्णालयात इतक्या वेळा ऐकली आहे की मला फारशी शंका उरली नाही. उरुसाचं किंवा लग्नाचं जेवण, मोठ्या पातेल्यातलं मटण, रात्री झाकून ठेवलेलं, सकाळी भाकरीबरोबर खाल्लेलं, आणि संध्याकाळी एकाच वस्तीतली पंधरा-वीस माणसं पोट धरून कॅज्युअल्टीत. पंक्तीला गरम गरम जेवलेले मात्र ठणठणीत. हे सगळं माहीत असूनही भाचीला उत्तर देताना मला ते आठवलं नाही, याची मला लाज वाटते.

उकळीत न मरणारा पाहुणा

"जंतू राहतील कुठे?" असं मी लिहिलं होतं. ते बीजाणूच्या रूपात राहतात.

हा जंतू मातीत, जनावरांच्या आणि माणसांच्या आतड्यांत असतो. मांसावर, मसाल्यांवर थोडाफार असणं नेहमीचंच. परिस्थिती प्रतिकूल झाली की तो स्वतःभोवती टणक कवच तयार करून झोपी जातो. या झोपलेल्या रूपाला बीजाणू म्हणतात. साध्या उकळीत जिवंत जंतू मरतात, पण बीजाणू तगून राहू शकतात. उलट, त्या उष्णतेने ते जागे व्हायला मदतच होते. शिवाय उकळीने भांड्यातले इतर सगळे जंतू, म्हणजे त्याचे स्पर्धक, मेलेले असतात. शिजताना रश्श्यातला प्राणवायूही निघून गेलेला असतो आणि या जंतूला प्राणवायू नकोच असतो. खायला मांस, बसायला ऊब, वाटेकरी कोणी नाही. झाकण लावलेलं जाड भांडं म्हणजे त्याच्यासाठी घरजावयाची व्यवस्था.

भांडं निवत निवत ५० अंशांच्या खाली आलं की बीजाणू फुटतात आणि जंतू वाढायला लागतो. ४३ ते ४७ अंशांच्या टप्प्यात तो फार वेगाने वाढतो. अनुकूल स्थितीत दहा-बारा मिनिटांत एकाचे दोन. बारा मिनिटांचा हिशेब धरला तर एका जंतूचे दोन तासांत हजार आणि चार तासांत दहा लाखांच्या वर होतात. चिनी मातीचं जाड भांडं उष्णता धरून ठेवतं. स्वयंपाकाच्या वेळी हा त्याचा गुण, पण बंद केल्यावर हाच दोष. त्या कोमट टप्प्यातून बाहेर पडायला ते तासन्‌तास घेतं.

यात दिलासा देणारी एक गोष्ट आहे. हा जंतू आपलं विष मुख्यतः आपल्या आतड्यात गेल्यावर तयार करतो. म्हणजे खाण्याआधी पदार्थ सगळीकडून सणसणीत, ७४ अंशांच्या वर गरम केला असता, तर जिवंत जंतू मेले असते आणि बहुधा ती रात्र टळली असती. मायक्रोवेव्हमधल्या एका मिनिटाने ते झालं नाही. पण या दिलाशावर विसंबून राहू नये. स्टॅफिलोकॉकस नावाचा, आपल्या हातांवर आणि नाकात राहणारा जंतू आणि शिळ्या भातात वाढणारा बॅसिलस सिरियस हे आपलं विष अन्नातच सोडतात, आणि एकदा तयार झालेलं ते विष पुन्हा उकळूनही जात नाही. या रश्श्याबरोबर भातच खातात, म्हणून भातालाही पुढचे नियम तंतोतंत लागू.

चढ आणि उतार

५ ते ६० अंश सेल्सिअस हा जंतूंचा पट्टा. त्याखाली ते सुस्तावतात, त्याच्या वर त्यांची वाढ थांबते. कोणताही शिजवलेला पदार्थ हा पट्टा दोनदा ओलांडतो. एकदा गरम होताना आणि एकदा निवताना. गॅसवर चढ मिनिटांचा असतो, स्लो कुकरमध्ये काही तासांचा. म्हणून हे यंत्र वापरणाऱ्याने दोन्ही वेळा घड्याळ पाहायचं.

चढ लहान करायचा तर मांस गोठलेलं टाकायचं नाही. आदल्या रात्री फ्रीजमध्येच ते सुटू द्यायचं. भांडं अर्ध्यापेक्षा कमी आणि दोन तृतीयांशापेक्षा जास्त भरायचं नाही. रस्सा गार न ओतता उकळता ओतायचा. पहिला तास 'हाय'वर ठेवायचा. झाकण सारखं उघडायचं नाही, कारण दर वेळी साठलेली ऊब निघून जाते. टायमर लावून कच्चं मांस तासन्‌तास गार भांड्यात ठेवायचं आणि दुपारी कुकर आपोआप सुरू व्हायचा, ही सोय टाळायची. आणि आपण घरी नसताना वीज गेली, कधी गेली आणि किती वेळ गेली हे ठाऊक नसलं, तर पदार्थ शिजलेला दिसला तरी टाकून द्यायचा. जीव तुटतो, मान्य आहे.

उतारासाठी नियम असा. शिजलेला पदार्थ ५७ अंशांवरून २१ अंशांवर दोन तासांत आणि तिथून पुढच्या चार तासांत ५ अंशांवर आला पाहिजे. घरात थर्मामीटर नसेल तर सोपी रीत आहे. जेवणं झाल्याबरोबर उरलेलं उथळ ताटल्यांत किंवा पसरट डब्यांत काढा, थर दोन इंचांपेक्षा जाड नको. डबे थंड पाण्याच्या परातीत ठेवा, ढवळा, वाफ गेली की फ्रीजमध्ये. कुकर बंद केल्यापासून दोन तासांच्या आत हे व्हायला हवं. लहान डब्यात कोमट अन्न फ्रीजमध्ये ठेवल्याने आजचे फ्रीज बिघडत नाहीत. ओट्यावर रात्रभर निवू देणं कैक पटींनी धोक्याचं.

दुरुस्त केलेली पाककृती

भाचीला मी नंतर तीच पाककृती दुरुस्त करून पाठवली. सहा माणसांसाठी आहे.

खांद्याकडचं बीफ एक किलो, दीड इंचाचे तुकडे. दोन मोठे कांदे, दोन बटाटे, मसमनचं तयार वाटण चार टेबलस्पून, नारळाच्या दुधाचा ४०० मिलिलिटरचा डबा, फिश सॉस एक टेबलस्पून, चिंचेचा कोळ एक टेबलस्पून, तेवढाच गूळ, मूठभर भाजलेले शेंगदाणे, दालचिनीचा तुकडा, चार वेलच्या. शेवटी लिंबू आणि तुळशीची थाई जातीची पानं, नसतील तर कोथिंबीर.

बटाटे आणि कांदा तळाशी. स्लो कुकरमध्ये कंदमुळं मांसापेक्षा उशिरा शिजतात, म्हणून त्यांना धगीजवळची जागा. मांसाचे तुकडे आधी कोरडे पुसून तव्यावर थोड्या तेलात चारी बाजूंनी तांबूस करून घ्यायचे. चव येते ती या तांबूसपणातून, आणि ओल्या, मंद शिजण्यात तो रंग कधीच येत नाही. त्याच तव्यात नारळाचं अर्धं दूध आणि वाटण घालून तेल सुटेपर्यंत परतायचं, कपभर पाणी घालून उकळी आणायची आणि उकळता रस्सा मांसावर ओतायचा. चव आणि सुरक्षितता दोन्ही एकाच कृतीत साधतात. गूळ, चिंच, फिश सॉस, दालचिनी, वेलची घालून झाकण. पहिला तास 'हाय', पुढे 'लो'वर सहा-सात तास. उरलेलं नारळाचं दूध आणि शेंगदाणे शेवटच्या अर्ध्या तासात, कारण हे दूध दिवसभर शिजलं तर फाटल्यासारखं दिसतं. अखंड तुकड्याचं बीफ मध्यभागी ६३ अंशांना सुरक्षित होतं, खिमा ७१ अंशांना. मऊ व्हायला मात्र नव्वदी गाठावी लागते. पाहुण्यांपैकी कोणाला शेंगदाण्याची अॅलर्जी आहे का, हे आधी विचारायचं. अमेरिकेत हा प्रश्न शिष्टाचाराचा भाग आहे, आपल्याकडेही व्हावा.

मिठाचा हिशेबही तिला लिहून दिला. फिश सॉसच्या एका टेबलस्पूनमध्ये साधारण १४०० मिलिग्रॅम सोडियम असतं, म्हणजे साडेतीन ग्रॅम मीठ. जागतिक आरोग्य संघटनेची दिवसाची मर्यादा ५ ग्रॅम मिठाची. तयार वाटणातही मीठ असतं. तिच्या मूळ पाककृतीत फिश सॉस तीन चमचे आणि वर सोया सॉस होता. रक्तदाबाच्या माणसाच्या ताटात ते नको. आंबटपणा वाढवला की मिठाची उणीव जाणवत नाही, म्हणून लिंबू.

बीफ किती खावं? लोह आणि बी-१२ त्यातून उत्तम मिळतं. दुसरीकडे, जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ साली तांबड्या मांसाला 'बहुधा कर्करोगकारक' या गटात टाकलं. त्यात मटणही येतं. आठवड्याला शिजवलेलं तांबडं मांस ३५० ते ५०० ग्रॅमच्या आत ठेवावं असा सर्वसाधारण सल्ला आहे. एक किलो कच्चं मांस शिजून पाऊण किलोच्याही खाली येतं. सहा जणांत ते वाटलं तर हे गणित आठवड्यातून एकदा-दोनदा आरामात बसतं.

आपल्या ओट्यावर

ओहायोतल्या त्या घरात रात्री खोलीचं तापमान विशीच्या आसपास होतं. मे महिन्यात विदर्भात किंवा मराठवाड्यात स्वयंपाकघर रात्रीही तिशीच्या वर असतं. तिथे झाकलेलं कालवण त्या जंतूंच्या पट्ट्यातून खाली उतरतच नाही. कार्यातलं उरलेलं मटण, वांग्याची भाजी, वरण मोठ्या पातेल्यात तसंच ठेवून सकाळी 'गरम करून' वाटणं, ही आपल्याकडची तीच चूक. अन्न वाया जाऊ नये ही भावना चांगली आहे. मग ते रात्रीच, गरम असतानाच वाटून टाका.

आणखी एक इशारा. आता आपल्या बाजारातही मंद शिजवण्याचा खटका असलेले विजेचे कुकर येतात. त्यात भिजवलेला राजमा थेट टाकू नका. कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं विषारी प्रथिन असतं. चार-पाच कच्चे दाणेही तासा-दोन तासांत भडाभडा उलट्या करवायला पुरतात. खळखळ उकळीत ते नष्ट होतं, पण ८० अंशांवर नुसतं गरम होत राहिलं तर विषारीपणा उलट वाढू शकतो. म्हणून राजमा किमान पाच तास भिजवा, ते पाणी फेका, ताज्या पाण्यात अर्धा तास खळखळून उकळा, आणि मगच मंद आचेवर ठेवा. आपल्या नेहमीच्या प्रेशर कुकरमध्ये शिट्ट्या काढून शिजवलेल्या राजम्याला ही भीती नाही.

जुलाब लागलेच तर

बहुतेक वेळा हा आजार एक-दोन दिवसांत आपला आपण बरा होतो. त्या दिवसांत पाणी आणि क्षार भरून काढायचे. ओआरएसचं पाकीट उत्तम. ते नसेल तर एक लिटर स्वच्छ पाण्यात सपाट सहा चहाचे चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ. घोट घोट, सतत. अँटिबायोटिक किंवा जुलाब थांबवणाऱ्या गोळ्या मनाने घेऊ नका. शौचाला रक्त, जास्त ताप, सहा-आठ तास लघवी नाही, उभं राहताना अंधारी, किंवा रुग्ण म्हणजे तान्हं मूल, गरोदर बाई वा साठीच्या पुढचा माणूस असेल तर रुग्णालय गाठा. आणि घरात कोणी लघवी वाढवणारी किंवा रक्तदाबाची गोळी घेत असेल, तर जुलाब सुरू झाल्याबरोबर डॉक्टरांना विचारा की आजची गोळी घ्यायची की थांबवायची. भाचीच्या सासऱ्यांनी रात्री जुलाब चालू असतानाही नेमाने गोळी घेतली होती. शिस्तीचा माणूस. त्यामुळेच पडले.

दोन दिवस सलाईन लागलं. वाढलेलं क्रिएटिनिन चौथ्या दिवशी खाली आलं आणि ते घरी परतले. मी फोनवर त्यांची माफी मागितली. ते हसले आणि म्हणाले, बायको असती तर भांडं रात्री धुतलं असतं. भाचीने मला एवढंच विचारलं, "मामा, आता तो कुकर टाकून देऊ का?"

मी म्हटलं, "अगं, कुकरचा काय दोष? त्याला बंद केल्यावर लगेच रिकामा कर."

गेल्या रविवारी तिने पुन्हा तोच रस्सा केला. रात्री सव्वाआठला मला एक फोटो आला. सिंकमध्ये थंड पाणी, त्यात चार पसरट डबे, आणि मागे पालथं घातलेलं धुतलेलं तपकिरी भांडं.